सिस्टर, एक विचारू का? सोलापूरच्या वॉर्डातले नेहमीचे प्रश्न

मी सोलापुरात बरीच वर्षं स्टाफ नर्स म्हणून काढली, मेडिकल वॉर्ड, लेबर रूम, कॅज्युअल्टी सगळं फिरून झालंय. नवीन लागलेल्या पोरी, ट्रेनिंगची पोरं आणि अधूनमधून पेशंटचे नातेवाईकसुद्धा तेच तेच प्रश्न व्हॉट्सॲपवर पाठवतात, म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवतेय. दवाखान्याचं नाव, पेशंटचं नाव कुठेही देणार नाही. औषधांचे डोस पण इथे नाहीत, ते डॉक्टरांना विचारा.

१. पुस्तकात 'व्हल्नरेबल' पेशंट लिहिलंय, म्हणजे गरीबच ना?

गरिबी त्यातला एक भाग झाला. ज्याला स्वतःची अडचण बोलून दाखवता येत नाही, किंवा बोलला तरी कुणी मनावर घेत नाही, तो व्हल्नरेबल. विडी वळणारी बाई, ऊसतोड टोळीतली गरोदर पोरगी, एकटे राहणारे आजोबा, तृतीयपंथी, मनोरुग्ण, स्टँडवरून उचलून आणलेला अनोळखी पेशंट, हे तर आहेतच. पण घरात सगळ्यांना दरडावणारे रिटायर्ड मास्तर कॅथेटर (लघवीची नळी) लावून पडले की दोन दिवसांत तेही पाण्याचा ग्लास मागायला लाजतात, हे मी बघितलंय. त्यामुळे यादी पाठ करण्यात अर्थ नाही, समोरच्याला आत्ता काय जमत नाहीये ते बघा.

२. नर्सला संस्कृती-बिंस्कृती शिकायची गरजच काय? इंजेक्शन सगळ्यांना सारखंच ना?

इंजेक्शन सारखंच, पण दंड पुढे करायला तयार झाला पाहिजे की माणूस. अमेरिकेतल्या मॅडेलिन लायनिंगर नावाच्या नर्सला १९५० च्या दशकात मानसिक अडचणी असलेल्या मुलांसोबत काम करताना हेच जाणवलं, वेगवेगळ्या समाजातली पोरं आणि सगळ्यांना एकाच पद्धतीची काळजी लागू पडेना. मग बाईंनी मानववंशशास्त्र शिकून घेतलं, पापुआ न्यू गिनीत गावात जाऊन राहिल्या, आणि त्यातून ट्रान्सकल्चरल नर्सिंग हा विषय उभा राहिला. आपल्याला तेवढं लांब जायची गरज नाही, सोलापुरातल्याच कन्ना चौकापर्यंत गेलं तरी पुरतं.

३. मला तेलुगू, कन्नड काहीच येत नाही. पूर्व भागातली आजी ॲडमिट झाली की काय करू?

सगळ्यात जास्त वेळा आलेला प्रश्न हाच. पूर्व भागात पद्मशाली घरांत तेलुगू, अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूरकडून येणारे कन्नड, शिवाय दखनी बोलणारे, आणि मराठीत पण आपलं "काय बे" आहेच, बाहेरून आलेल्या सिस्टरला तर वाटतं पेशंट भांडतोय, तो बिचारा प्रेमानं बोलत असतो.

मी सोलापूरची नाही, लग्न होऊन आले. सुरुवातीच्या नाईट ड्युटीत एक आजी छातीवर हात ठेवून "गुंडे नोप्पी, गुंडे नोप्पी" करत होत्या. मला वाटलं गुंडांनी मारलं का काय, मी आपली विचारतेय "कुणी मारलं आजी, कुठल्या गल्लीत?" आणि पलीकडून वॉर्डातल्या मावशी झाडू टाकून पळत आल्या, "अहो सिस्टर, गुंडे म्हणजे काळीज! छातीत दुखतंय त्यांच्या!" ईसीजीच्या लीड लावताना माझेच हात थरथरत होते. तेव्हापासून वहीच्या मागच्या पानावर शब्द लिहून ठेवलेत. तेलुगूत दुखणं नोप्पी, कुठे म्हणजे एक्कडा, डोकं तला, पोट कडुपु. कन्नडमध्ये दुखणं नोवु, कुठे एल्ली, डोकं तले, पोट होट्टे, छाती एदे. एवढ्यावर रात्र निघते.

पण दहा शब्द आले म्हणून ऑपरेशनचा कन्सेंट समजावायला जाऊ नका, त्यासाठी भाषा नीट येणारा माणूस लागतो, ते पुढच्या प्रश्नात.

४. नातेवाईक भाषांतर करून देतात की, मग काय अडचण?

पाणी हवं का, लघवी झाली का, एवढ्यापुरतं ठीक. पण सुनेला विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर सासू देते, आणि सून दोन मिनिटं काहीतरी सांगते त्याचं भाषांतर "काही नाही म्हणते" असं येतं. आणि शाळकरी पोराला आईच्या पाळीबद्दल, अंगावरून जाण्याबद्दल विचारायला लावू नकाच, पोरगं मान खाली घालतं आणि आई खोटं सांगते. ती भाषा येणारी दुसरी सिस्टर, ब्रदर किंवा मावशी बोलवा, पेशंटकडे बघून बोला, वाक्यं छोटी ठेवा.

शेवटी "समजलं का?" असं विचारू नका, त्याला सगळे हो म्हणतात. "घरी गेल्यावर गोळी कधी कधी घेणार, मला सांगा बघू" असं विचारा, मग कळतं आपण किती नीट सांगितलंय ते.

५. यंत्रमाग कामगार पेशंट नुसता मान हलवतो, सांगितलेलं काहीच करत नाही. हट्टी असतात का हे लोक?

हट्टी नसतात हो, ऐकू येत नसतं. मागाच्या खडखडाटात वीस-वीस वर्षं काढली की कान जातात, आणि आधी जातात ते बारीक, चढ्या पट्टीचे आवाज, म्हणजे नेमके आपल्या बायकांचे. त्यात आपण मास्क लावलेला, त्यामुळे ओठ पण दिसत नाहीत. ओरडू नका, ओरडल्यावर शब्द अजून फाटतात. समोर उभं राहून, खालच्या पट्टीत, सावकाश बोला.

हिस्टरी घेताना अजून एक विचारायचं, सूतगिरणीत किंवा पिंजणाच्या धुळीत काम केलंय का, आणि सुट्टीनंतर कामावर गेलेल्या पहिल्याच दिवशी छाती आवळल्यासारखी होते का. कापसाच्या धुळीनं होणाऱ्या दम्यासारख्या आजाराची ती खूण आहे, पेशंट आपणहून सांगत नाही कारण त्याला वाटतं सगळ्यांनाच होतं. हो म्हणाला तर केसपेपरवर लिहा आणि राऊंडला डॉक्टरांना सांगा.

६. विडी कामगार बायका फॉलोअपला येतच नाहीत, त्यांना कसं समजावायचं?

आधी आपण समजून घ्यायचं. मजुरी हजार विड्यांच्या हिशोबानं मिळते. कुंभारीच्या विडी घरकुलातून येणारी बाई ओपीडीच्या लायनीत अर्धा दिवस उभी राहिली तर तो अर्धा दिवस बुडाला, वर रिक्षाभाडं. "उद्या या" म्हणायच्या आधी आज काय उरकतं ते बघा, रक्त, बीपी, औषध एकाच खेपेत झालं तर ती येते.

मांडीवर सूप घेऊन वाकून बसायचं म्हणजे मान-पाठ धरलेलीच. तंबाखूची धूळ पण घरातच उडते. अंगावर पाजणाऱ्या बाईला मी एकच सांगते, पाजायच्या आधी हात साबणानं धू आणि सूप बाळापासून लांब ठेव. काम सोड असं सांगू नका, तिनं काम सोडलं तर चूल कशावर पेटणार.

७. रोजा, एकादशी, चौविहार... पेशंट खात नाही, गोळ्या घेत नाही. काय करायचं?

ॲडमिशनच्या वेळीच विचारा, "काही उपवास, पथ्य पाळता का?" हा एक प्रश्न विचारला की निम्मी भांडणं मिटतात. आजाऱ्याला रोजा पुढे ढकलायची मुभा इस्लाममध्येच आहे, बहुतेक पेशंटना ते माहीत पण असतं, तरी मनाला लागतं, कारण घरात सगळे धरतात. उपदेश करू नका. तो धरणारच म्हणत असेल तर डॉक्टरांना कळवा, इन्सुलिनच्या वेळा आणि डोस तेच बदलतील, आपण आपल्या मनानं नाही. जैन आजी सूर्यास्तानंतर पाणी पण घेत नसतील तर रात्रीची गोळी आधी देता येते का ते विचारून घ्या. कॅप्सूलचं कवच बऱ्याचदा प्राण्यांपासून बनवलेल्या जिलेटिनचं असतं, कुणी विचारलं तर खरं सांगा आणि दुसरा पर्याय आहे का बघा.

आषाढीला तर डायबेटिसचा वॉर्ड बघण्यासारखा असतो. सगळे "उपवास आहे सिस्टर, काही खाल्लं नाही" म्हणतात आणि डब्यात साबुदाण्याची खिचडी. शुगर चढल्यावर आपल्याकडेच बघतात. आणि मीठ कमी सांगितलेल्या पेशंटच्या उशाला शेंगाचटणीची पुडी सापडली नाही तर ते सोलापूर कसलं. पुडी हिसकावण्यात अर्थ नाही, मी घरच्यांना बिनमिठाची कुटून आणायला सांगते, थोडी कुरकूर होते पण खातात.

८. ऑपरेशनला नेताना मंगळसूत्र, ताईत, इष्टलिंग काढायला नकार देतात. जबरदस्ती करायची का?

कॉटरी (विजेवर कापायचं, रक्त थांबवायचं यंत्र) वापरणार असतील तर अंगावर धातू नको, भाजू शकतं, हे कारण आधी सांगा. "काढा, नियम आहे" म्हटल्यावर कुणीही अडूनच बसतं. मंगळसूत्राच्या जागी काळा दोरा चालतो का विचारा, बहुतेक बायकांना चालतो. लिंगायत पेशंटचं इष्टलिंग म्हणजे दागिना नव्हे, पूजेतला देव आहे तो, अंगापासून लांब करायचा नसतो. आपण हात न लावता पेशंटनं स्वतः काढून घरच्या माणसाच्या हातात द्यावं, केसपेपरवर नोंद करावी, आणि शुद्धीवर आल्यावर सगळ्यात आधी ते परत मिळेल हे सांगावं. एकदा एका नवीन पोरीनं ते किडनी ट्रेमध्ये ठेवलं होतं, वापरलेल्या कापसाच्या शेजारी. आजोबा काही बोलले नाहीत, नुसते भिंतीकडे तोंड करून पडले.

बायकांच्या जटेचं पण तेच. मला स्वतःला जट हा प्रकार पटत नाही, मानेला त्रास, उवा, सगळं होतं. पण बाई बेशुद्ध आहे म्हणून कात्री घेऊन सुटायचं नाही. टाके घालायला तेवढी जागा मोकळी करावीच लागली तर डॉक्टर ठरवतील, तेवढीच करायची, आणि नंतर तिला सांगायचं.

९. अंगारा, लिंबू, मांत्रिक यांचं काय?

कपाळाला अंगारा, उशीखाली लिंबू, असू दे, त्यानं सलाईन थांबत नाही. जखमेवर, नाळेवर काही लावत असतील तर थांबवायचं. आणि साप किंवा कुत्रं चावलेल्याला उपचार न करू देता मंत्र घालत बसणं हा महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यानं गुन्हा आहे, तिथे गोड बोलत बसू नका, वेळ नसतो.

१०. सावळ्या पेशंटमध्ये पांढरेपणा, निळेपणा कळत नाही. आणि मेंदी लावलेली असली की ऑक्सिमीटर नीट दाखवत नाही, खरं का?

कातडीकडे बघून ठरवू नका. खालची पापणी ओढून आतून बघा, जीभ, हिरड्या, तळहात बघा. कावीळ डोळ्याच्या पांढऱ्या भागात. गडद मेंदी किंवा नेलपॉलिशमुळे रीडिंग गडबडू शकतं, मेंदी नसलेलं बोट किंवा कानाची पाळी वापरा. सावळ्या कातडीवर ऑक्सिमीटर कधी कधी खऱ्यापेक्षा जास्त पण दाखवतो, त्यामुळे आकडा चांगला आणि पेशंट धापा टाकतोय असं असेल तर पेशंटवर विश्वास ठेवा.

११. बाई पेशंट म्हणते ब्रदर नको. दुसरा पेशंट म्हणतो अमुक जातीची सिस्टर नको. दोन्ही ऐकायचं का?

दोन्ही गोष्टी एक नाहीत. कॅथेटर, एनीमा, ड्रेसिंग, अंग पुसणं यासाठी बाईला बाई हवी असेल तर ती लाज आहे आणि ती राखायची, बुरखा असो नसो. बाई स्टाफ नसेल तर निदान मावशी शेजारी उभ्या राहतील, पडदा ओढला जाईल. पडदा फाटलेला असेल तर चादर धरा. पुरुष पेशंटला पण लाज असते, ते आपण विसरतो.

जात-धर्म बघून सिस्टर बदलून मागणं वेगळं. ते ऐकायचं नाही. आंतरराष्ट्रीय परिचारिका परिषदेची आचारसंहिता १९५३ पासून आहे, २०२१ मध्ये सुधारली, तिच्यात आपण पेशंटमध्ये भेदभाव करू नये असं आहे, आणि मग पेशंटनं आपल्यात करावा हे इन्चार्जनं का चालवून घ्यावं? माझ्या एका मैत्रिणीच्या हातचं पाणी एका म्हाताऱ्यानं नाकारलं होतं. इन्चार्ज बाईंनी ड्युटी बदलली नाही, एवढंच म्हणाल्या, "बाबा, रात्री ह्याच आहेत." पहाटे दम लागल्यावर बाबांनी तिलाच हाक मारली. पुढे सुधारले वगैरे म्हणणार नाही, डिस्चार्ज झाला आणि गेले.

१२. बाळंतिणीच्या घरचे पहिला चीक पिळून टाकतात, मध चाटवतात, काजळ घालतात. किती अडवायचं?

चीक आणि मध, दोन्हींवर ठाम राहा. चीक म्हणजे बाळाची पहिली लसच, आणि सहा महिने वरचं काहीच नाही, मध, गुटी, पाणी पण नाही. काजळ डोळ्यात नको, पण घरच्यांना दृष्टीची भीती असते, मी म्हणते तळपायाला तीट लावा, आज्जी पण खूश. शेक-शेगडीला बंद खोलीत धूर कोंडू देऊ नका. ओल्या बाळंतिणीला पाणी कमी देतात ते मात्र चुकीचं आहे, पाजणाऱ्या बाईला तहान लागते. आईला नाही, आजीला पटवा, घरात तिचं चालतं.

१३. ऊसतोड टोळीतल्या बाईकडे कार्डच नसतं, लस कुठून सुरू करायची?

साधारण दिवाळीच्या सुमारास टोळ्या येतात, कारखाना बंद झाला की जातात. नवरा-बायको मिळून एक कोयता, ती बसली तर त्याचं पण काम अडतं, म्हणून बाळंत झाल्यावर काही दिवसांत फडात परत जाते. कार्ड हरवलं तरी बाळाला परत पाठवू नका, घरी विचारा, गावच्या आशाताईला फोन करा. सुटलेली लस पुढे चालू करतात, सगळं पहिल्यापासून परत द्यावं लागत नाही. नवीन कार्ड प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून द्या, खोपीत ओलं होतं.

१४. पारधी कुटुंब वॉर्डात आलं की बाकीचे पेशंट सामान लपवतात. मी काय करू?

थोडा इतिहास माहीत पाहिजे. इंग्रजांनी १८७१ मध्ये कायदा करून अख्ख्या जमातीच गुन्हेगार ठरवल्या, सोलापुरात तारेच्या कुंपणात त्यांची वसाहत होती, हजेरी द्यावी लागायची. ३१ ऑगस्ट १९५२ ला ते संपलं, पण सेटलमेंट हे नाव अजून शहरात आहे आणि युनिफॉर्मची भीती पण. एमएलसी केससाठी (म्हणजे पोलिसांत कळवावी लागणारी केस) पोलीस वॉर्डात आला की यांची बाई सलाईन काढून निघायच्या तयारीत. तिला आधीच सांगा पोलीस कुणासाठी आलाय.

आमच्याकडे एकदा एकाचा मोबाईल गेला, सगळ्यांनी पारधी बाईकडे बोट दाखवलं, तिची पिशवी पण उलटी केली. मोबाईल धुवायला टाकलेल्या चादरीत निघाला. तिची माफी कुणी मागितली नाही, मी पण नाही, तेव्हा मला सुचलंच नाही. झडती घेणं आपलं काम नाही, एवढं तरी आता मी नवीन पोरींना सांगते.

१५. तृतीयपंथी पेशंटला कुठल्या वॉर्डात ठेवायचं, काय म्हणून हाक मारायची?

त्यांनाच विचारा, दोन्हीही. २०१९ च्या कायद्यानं उपचारात भेदभाव करता येत नाही. 'नातेवाईक' म्हणून गुरू आले तर त्यांना बसू द्या, बऱ्याच जणांना तेच घर असतं. तपासताना उगाच चार विद्यार्थी गोळा करायचे नाहीत.

१६. एचआयव्ही पेशंटच्या बेडवर खूण करायची पद्धत आहे, चालते का?

नाही. २०१७ च्या कायद्यानं ही माहिती गुप्त ठेवायची आहे. ग्लोव्ह्ज सगळ्यांसाठी तेच, कारण ज्याचं माहीत नाही त्याचाच धोका जास्त. सुई टोचली तर धुवा आणि लगेच कळवा, औषध दोन तासांत सुरू झालेलं बरं, ७२ तासांच्या पुढे उपयोग नाही.

१७. बाई म्हणते जिन्यावरून पडले, पण वळ वेगळेच दिसतात. आणि सतरा वर्षांची बाळंतीण आली तर?

नवऱ्यासमोर विचारू नका. वजन करायला, लघवीचा सॅम्पल द्यायला म्हणून बाजूला घ्या आणि सरळ विचारा, "घरात कुणी मारतं का?" नाही म्हणाली तर ठीक, दार उघडं ठेवा. १८१ हा महिलांचा नंबर तोंडी पाठ करून द्या, कागदावर दिलेला घरी सापडतो.

अठराच्या आतली असेल तर पॉक्सो, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा २०१२ चा कायदा, कळवणं बंधनकारक आहे, आणि लग्न झालंय म्हणून सुटत नाही. पण उपचार पोलिसांसाठी थांबवायचे नाहीत. मुलीला आधी सांगा की आम्हाला कळवावं लागतं, पाठीमागून केलं तर ती पुन्हा दवाखान्याची पायरी चढत नाही. एक अपवाद लक्षात ठेवा, गर्भपातासाठी आलेली अल्पवयीन मुलगी आणि तिचे पालक म्हणाले तर डॉक्टरांना तिची ओळख उघड करावी लागत नाही, सुप्रीम कोर्टानं २०२२ मध्ये सांगितलंय. हा निर्णय डॉक्टरांच्या पातळीवरचा, आपण परस्पर काही ठरवायचं नाही.

१८. "बाबांना कॅन्सर आहे हे सांगू नका" म्हणतात घरचे. खोटं बोलायचं का?

खोटं नाही, पण आपण फोडायचं पण नाही, ते डॉक्टरांचं काम. बाबांनी विचारलंच तर मी विचारते, "तुम्हाला काय वाटतंय?" बऱ्याचदा त्यांना माहीत असतं आणि ते मुलांपासून लपवत असतात.

१९. पेशंट गेल्यावर कुठल्या समाजात काय करतात ते माहीत नसेल तर?

नळ्या काढायच्या, डोळे मिटायचे आणि पुढचं घरच्यांना विचारायचं. मुस्लिम घरात दफन लवकर करायचं असतं आणि अंघोळ पुरुषाला पुरुष, बाईला बाई घालतात, कागद लवकर करून द्या. लिंगायतांमध्ये बऱ्याच घरांत बसवून समाधी देतात, शरीर आखडायच्या आत न्यायची त्यांची घाई असते, ती घाई बघून चिडू नका. एमएलसी असेल तर पोस्टमॉर्टेम टळत नाही, ते लगेच सांगा, तासाभरानं सांगितलं की लोक भडकतात.

२०. एवढे पेशंट, दोन सिस्टर, हे सगळं कधी करायचं?

सगळं होत नाही. मी हॅन्डओव्हरमध्ये बेड नंबरपुढे एक जास्तीची ओळ लिहिते. "१४ नंबर, तेलुगूच कळतं, सुनेसमोर बोलत नाही." "९ नंबर, उजव्या कानानं ऐकू येतं." "२२, एकादशी, सहाला शुगर बघणे." नाईटची सिस्टर आल्या आल्या तेवढं वाचते, मग चहा घेते.